परत बघ

आचारसंहिता उठली.
एक्केचाळीस दिवसांनी मालखान्यातून पिस्तूल घरी आलं.
हवालदार केळुसकरांनी वहीत सही घेतली,
म्हणाले, "बघून घे गे, गंज धरलोसो दिसता."

धरलाच होता. वेंगुर्ल्याच्या बंदरावरची हवा
परवाना विचारून आत येत नाही.
स्लाइडच्या कडेला तांबूस पूड.
सात पिढ्या सोनं घासलेल्या घराला
हे दुखणं नवीन. सोन्याला ते होत नाही.

पेढी माझ्या नावावर, परवाना माझ्या नावावर,
गंजही माझाच.

फोन ओटीवर ठेवून येते. खोलीचं दार लावते.
खिडकी सताड, नाहीतर सॉल्व्हंट डोक्यात चढतं.
पाटावर जुन्या धोतराचे तुकडे,
नथी घासायचा असतो तसाच ब्रश
(हा वेगळा, दांड्याला लाल दोरा),
तोंड चिऱ्याच्या भिंतीकडे.
भिंतीशी कुणी नाही. हेही दोनदा बघितलं.

मॅगझिन काढते. रिकामं.
गोळ्यांचा डबा आधीच पलीकडच्या खोलीत.
ठाण्यातून आलंय म्हणून आतही रिकामं,
असं धरून चालायचं नाही.
स्लाइड मागे ओढून अडकवते.
दाराआडून बाबा:
"बघलंस?"
बघितलं.
"बोटान?"
करंगळीच्या टोकाने. पोकळ, थंड.
"रिकामा आसा?"
रिकामं आहे, बाबा.
"मगे परत बघ."

लोकांना वाटतं, मॅगझिन निघालं की झालं.
एक गोळी आत बसून राहते,
सगळे पाहुणे उठून गेल्यावर
एखादा पडवीत चपला शोधत थांबतो
तशी.

मग स्लाइड सुटते, नळी सुटते,
स्प्रिंग तळहाताखाली दाबूनच,
नाहीतर उडून जाईल तांदळाच्या पिंपाआड.
शिलाई मशीनचं पोट उघडावं तसं दिसतं आता.
याला कोण घाबरेल?
ब्रश मागून पुढे, पूर्ण नळीभर. मधेच उलटा नाही.
पहिला कपडा काळा, तिसरा राखाडी,
सातवा गेला तसाच बाहेर येतो.
तेल एक थेंब, आणि तोही पुसून.
जास्त झालं की वाळूला आमंत्रण,
आणि आमच्याकडे वाळू
दिवसातून तीनदा साखर मागायला येते.

वारा कॅलेंडर उचलतो.
त्याच्याखाली भिंतीत भोक आहे.

चार वर्षांची होते. त्याच भिंतीशी, चटईवर, दुपारची.
बाबा असेच बसलेले, मॅगझिन मांडीवर काढून ठेवलेलं.
सात गोळ्या मोजलेल्या.
आठवी मोजायची असते
हे तेव्हा घरात कुणाला माहीत नव्हतं.
माझ्या डोक्याच्या वीतभर वर.
केसांत चिऱ्याची लाल भुकटी पडली, एवढं आई सांगायची.
मी रडले की नाही
यावर दोघांचं शेवटपर्यंत एकमत झालं नाही.

दर दिवाळीआधी चुना लागतो.
रंगारी तिथे आला की बाबा म्हणतात, "तां रवांदे."
शाळेत जाईपर्यंत माझी करंगळी त्यात पुरी जायची.

त्यांना आता सोन्याची तारही ओढवत नाही, हात कापतात.
पण कान शाबूत आहेत.
जोडून झाल्यावर मी रिकामीच स्लाइड दोनदा मागेपुढे करते,
त्या आवाजावर त्यांची मान हलते. बरोबर बसलं.

चामड्याच्या म्यानात ठेवायचं नाही, चामडं मीठ पितं.
कोरड्या कपड्यात, तिजोरीत.
डब्याची किल्ली निराळी, ती माझ्या कमरेला.
मग साबणाने कोपरापर्यंत हात,
शिसं पोटात जाऊ नये; बांगडे अजून चिरायचेत.

दार उघडते. बाबा आत येतात,
कॅलेंडर हाताने दाबून सरळ करतात,
जरा वेळ तसेच दाबून उभे राहतात.
"आज तारीख किती गे?"
सांगते.
"परत बघ," म्हणतात.